पैलवानाच्या नावाची नळी

४ मार्च
आलो एकदाचे! सामान अजून खोक्यांतच आहे, पण चहाचं पातेलं सापडलं, तेव्हा संसार सुरू झाला म्हणायला हरकत नाही. घर कारखान्याच्या आवाराला लागूनच आहे. दोन खोल्या, स्वयंपाकघर, आणि त्या स्वयंपाकघराला एवढी मोठी खिडकी की बायको घर सोडून आधी खिडकीवरच खूश झाली. खिडकीचा कट्टा चांगला रुंद आहे. भिंगरीने आल्या आल्या त्यावर फतकल मारली आणि जाहीर केलं की हे तिचं घर, बाकीचं आमचं. लेक चार वर्षांची. ना पाय एका जागी ठरत, ना तोंड, म्हणून भिंगरी. कट्ट्यावर बसून तिने मुंगीला, नळाला आणि सामान उतरवणाऱ्या हमालाला एकाच दमात प्रश्न विचारले. हमालाने बिचाऱ्याने उत्तरंही दिली.

बायको म्हणते, हा गुण बापाचा. मी बोलायला लागलो की समोरच्याला घरची आठवण येते म्हणे. म्हणून तिनेच ही वही हातात दिली आणि उरलेलं हिला सांगा, मला झोपू द्या, असं म्हणाली. सांगतो बाई.

तर मी या कारखान्याचा नवा सुरक्षा अधिकारी. दारावर पाटीसुद्धा लागली आहे. उगाच दोनदा बाहेर जाऊन वाचून आलो.

९ मार्च
आज सगळा कारखाना पायाखाली घातला. वापरून टाकलेल्या बॅटऱ्या ट्रक भरभरून येतात. तोडणीच्या शेडमध्ये त्यांची डोकी कापतात, आम्ल निथळून हौदात जातं, प्लॅस्टिकच्या पेट्या बाजूला पडतात आणि आतल्या करड्या पट्ट्या जातात भट्टीत. भट्टीचं खालचं तोंड फोडलं की शिसं वाहत येतं, अगदी चांदीसारखं, आणि साच्यात पडलं की बघता बघता मळकट होतं. त्या लगडी पुन्हा नव्या बॅटऱ्यांसाठी रवाना. मेलेल्याला उठवायचा धंदा आहे साहेब आपला, असं भट्टीवरचा मुख्य गडी म्हणाला. त्याला सगळे पैलवान म्हणतात. कधीकाळी असेलही, आता सदरा त्याच्या अंगावर खुंटीला टांगल्यासारखा दिसतो. थट्टेखोर आहे मात्र. साहेबांच्या बुटांना अजून दुकानाचा वास येतोय, असं त्याने सगळ्यांदेखत सांगून टाकलं. मीही हसलो.

वाईट असते ती धूळ. शिशाची धूळ टोचत नाही, खोकला आणत नाही, जिभेवर गेली तर उलट गोडसर लागते. श्वासातून, नखांतून, कपड्यांतून रक्तात शिरते आणि हाडात जाऊन घर करते. म्हणून माझे नियम: मास्क लावल्याशिवाय शेडमध्ये जायचं नाही, अंघोळ करून कपडे बदलल्याशिवाय बाहेर पडायचं नाही. आणि मुख्य म्हणजे दर काही महिन्यांनी प्रत्येकाच्या रक्ताची नळी बाहेरच्या प्रयोगशाळेत जाते. ज्याच्या रक्तात शिसं जास्त, त्याला भट्टीवरून उतरवायचं आणि रक्त सुधारेपर्यंत यार्डात पेट्या निवडायला बसवायचं. नियम चांगला आहे. मी नसतो तरी चांगलाच असता, पण आता मी आहे.

२१ मार्च
आज रक्ताचा दिवस होता. जे झालं ते लिहू की नको, असं करत दोनदा वही मिटली.

कंपाउंडर सकाळीच माझ्या खोलीत आला. दवाखाना तोच सांभाळतो. मऊ बोलतो, चालताना त्याच्या चपलांचा आवाजसुद्धा होत नाही. म्हणाला, साहेब, तुम्ही नवे, तुमचं रक्त बावनकशी. इथली रीत अशी आहे की नवा माणूस आला की तो भट्टीवाल्यांच्या नळ्या भरतो. मला आधी कळेचना. मग कळलं: रक्त माझं, नळीवर नावं त्यांची. भट्टीवरच्या सहाही जणांचं रक्त बिघडलेलं आहे, हे त्याला तपासल्याशिवाय ठाऊक होतं. सहा जण एकदम उतरले तर भट्टी विझवावी लागेल, आणि विझलेल्या भट्टीच्या आतल्या विटा तडकतात, मग सगळा कारखानाच बसतो. प्रयोगशाळेवाले फक्त शिसं मोजतात, रक्त कुणाचं ते विचारत नाहीत, असंही त्याने सांगितलं. झाकली मूठ सव्वा लाखाची.

मी मोठ्या साहेबांकडे जाणारच होतो. तेवढ्यात तेच दवाखान्यात डोकावले, रिकाम्या नळ्यांकडे पाहिलं, भिंगरीला घर आवडलं का विचारलं आणि गेले. मग पैलवान आला. त्याने तर चक्क हात जोडले. भट्टीवर आहे तोवर मी पैलवान, यार्डात बसलो की हमाल, असं म्हणाला. एवढंच करा, साहेब.

मी बाही वर केली. एकाच सुईतून सात नळ्या भरल्या: एक माझी, सहा त्यांच्या. पहिली पैलवानाची.

बाहेर आलो तर सहाही जण उभे. पैलवानाने खांद्यावर हात टाकला आणि म्हणाला, आता आपण रक्ताचे भाऊ, तुमची पोर ती आमची पुतणी. सगळे हसले. खोटं कशाला लिहू, मला बरं वाटलं. इतक्या लवकर कुणी मला आपलं म्हटलं नव्हतं. कुंपणच शेत खातं ते असं, हे घरी येऊन हात धुताना सुचलं.

५ एप्रिल
अहवाल आले. अर्थातच उत्तम. मोठ्या साहेबांनी सगळ्यांसमोर पाठ थोपटली; नवा अधिकारी आल्यापासून रक्तं सुधारली म्हणाले. टाळ्या झाल्या. पैलवान सगळ्यात जोरात टाळ्या वाजवायला गेला, पण त्याचा उजवा हात मनगटातून वळेना. पंजा खाली लोंबतच राहिला. मला बघताना पाहून त्याने तो पाठीमागे नेला आणि डोळा मारला.

मनगट असं गळणं म्हणजे काय ते पुस्तकात वाचलंय मी. परीक्षेत लिहून गुण मिळवलेत.

१९ एप्रिल
पैलवान हल्ली पाळी सुटली की आमच्या खिडकीशी थांबतो. अंघोळ न करता, कामाच्याच कपड्यांत. भिंगरी कट्ट्यावर, तो बाहेर, मध्ये गज. दोघांच्या गप्पा संपत नाहीत. ती त्याला काका म्हणते. त्याचा हात का लोंबतो असं तिने विचारलं, तर म्हणाला, दमलाय तो, झोपलाय, उठवू नकोस. ती खुसखुसून हसली आणि तिने त्याच्या हाताला अंगाईसुद्धा म्हटली.

आधी अंघोळ करून ये, असं त्याला सांगायला हवं होतं. माझं कामच ते. पण कुठल्या तोंडाने सांगू? तो हसला तेव्हा हिरड्यांच्या कडेला निळी रेघ दिसली, शिशाची. ओठांपर्यंत आलेलं मी गिळलं आणि चहा घेणार का, असं विचारलं.

त्याला भट्टीवरून उतरवायचं तर कारण द्यावं लागेल. कारण द्यायचं तर नळ्यांचं सांगावं लागेल. पुढच्या तपासणीला बघू.

३ मे
पैलवान गेला.

काल दुपारी भट्टीपाशीच त्याला झटके आले. चार जणांना आवरेना. गाडीत मीच त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसलो होतो. इस्पितळात डॉक्टरीणबाईंनी पहिला प्रश्न काय विचारला तर माणूस शिशाच्या कामावरचा, रक्त तपासलं होतं का? मी हो म्हणालो. कसं होतं? स्वच्छ होतं, असं मी म्हणालो. अहवाल दाखवला. त्या म्हणाल्या, मग शिसं नव्हे, दुसरं काहीतरी मेंदूत गेलंय. आणि त्या दुसऱ्याच कशावर तरी औषध सुरू केलं. शिशावर उतारा असतो. त्याची सुई त्याच इस्पितळात, कपाटात होती. मला माहीत होतं.

सकाळी तो गेला. त्याची बायको आली, तिने माझे हात धरले आणि म्हणाली, भाऊजी, तुम्ही शेवटपर्यंत सोबत होतात.

मी त्याला मारलं. दुसऱ्या कुणाला सांगता येत नाही, म्हणून इथे लिहितो.

२० मे
बायको म्हणाली, तुमच्या कारखान्यातलं कोणीतरी दुपारी खिडकीशी येतं वाटतं. तिने कुणाला पाहिलं नाही, पण भिंगरी तासभर बोलत बसते आणि मध्ये मध्ये थांबते, समोरचा उत्तर देत असावा तशी. भिंगरीला विचारलं. काका येतो, असं म्हणाली. कुठला काका? झोपलेल्या हातवाला.

तिला समजावलं की तो काका आता येत नाही. तिने माझ्याकडे असं पाहिलं की जणू मीच लहान आहे.

कट्ट्यावर करडी भुकटी पडली होती, पिठासारखी बारीक. धुराडं जवळ आहे, धूर गाळायच्या पिशव्या फाटल्या असतील, उडून येत असणार. ओल्या फडक्याने पुसून काढली. पुसताना त्यात उमटलेलं दिसलं. पंजा नव्हता. बोटांच्या पाठी होत्या, चार, मुडपलेल्या. ज्याचा हात मनगटातून वळत नाही त्याने हात टेकला तर तो असाच टेकेल.

भिंगरी म्हणाली, पुसू नका ना बाबा, ते गोड लागतं.

२४ मे
पिशव्या तपासल्या. एकही फाटलेली नाही. खिडकी बंद केली, फटींत कागद कोंबले, वरून खिळे ठोकले. बायको चिडली. उन्हाळ्यात स्वयंपाकघराची भट्टी करायची आहे का, असं म्हणाली. भट्टी हा शब्द ऐकून माझ्या हातातून हातोडी पडली.

संध्याकाळी परत आलो. खिडकी बंद. खिळे जागच्या जागी. कट्ट्यावर भुकटी — आतल्या बाजूला. त्यात छोट्या जिभेने चाटलेल्या रेघा.

मुलीवर पहिल्यांदा हात उगारला. मग तिला पोटाशी धरून मीच रडलो. ती म्हणाली, बाबा, काका म्हणतो तुमचंच आहे ते. त्याच्याकडे राहिलं होतं, परत द्यायला येतो.

६ जून
भिंगरी बोलत नाही. म्हणजे बोलते, पण शब्द हरवतात. आज पाण्याकडे बोट दाखवून ते, ते, असं करत राहिली. पाणी हा शब्द तिला सापडेना. पोट दुखतं म्हणून गुडघे छातीशी घेऊन पडून असते. जी पोर मुंगीला प्रश्न विचारायची ती भिंतीकडे बघत असते.

बायको म्हणते, जागा मानवली नाही, माहेरी जाऊन येते. मी थांब म्हणालो. आधी रक्त तपासू. 

कंपाउंडरकडे नेलं. पोरीला टोचलेलं बघवेना म्हणून मी बाहेर उभा राहिलो. 

११ जून
अहवाल आला. स्वच्छ! अगदी स्वच्छ! बायकोने दोनदा वाचायला लावला. आम्ही दोघं स्वयंपाकघरातच खाली बसून वेड्यासारखे हसलो. माझंच डोकं फिरलं होतं. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय. भुकटी कसली नि काका कसला.

दुपारी कंपाउंडरचे आभार मानायला गेलो. त्याने इकडेतिकडे पाहिलं आणि हळूच म्हणाला, आभार कसले साहेब, घरचंच काम. तुमच्या पोरीचा अहवाल मी खराब येऊ देईन होय?

म्हणजे काय, असं मी विचारलं.

त्याने तिची नळी मोरीत ओतली होती. काट्यावर नवा मुलगा लागलाय वजनं करायला, त्याचं रक्त भरून तिच्या नावाने पाठवलं. अधिकाऱ्याच्या घरातच शिसं निघालं तर प्रयोगशाळा सगळ्यांचं पुन्हा मागेल, मग तुम्ही आम्ही सगळेच गोत्यात, असं तो म्हणाला. आणि खरंच प्रेमाने म्हणाला. त्याने तेच केलं जे मी केलं होतं. मला शिव्याही देता येईनात.

म्हणजे तिचं रक्त कसं आहे ते कुणालाच माहीत नाही. मला सोडून.

१३ जून
इस्पितळात नेलं. त्याच डॉक्टरीणबाई. मी सगळं सांगायचं ठरवूनच गेलो होतो, वाक्यही पाठ केलं होतं. पण बायकोने आधीच पर्स उघडून अहवाल पुढे केला. बाईंनी वाचला. म्हणाल्या, हा नसता तर मी शिसंच म्हटलं असतं आणि आजच सुया सुरू केल्या असत्या. पण रक्त तर स्वच्छ आहे. मग माझ्याकडे बघून विचारलं, या अहवालाबद्दल काही शंका?

पोरीच्या नळीचं सांगितलं की पुढचा प्रश्न पैलवानाच्या नळीचा. आणि तो याच बाई विचारणार. याच खोलीत त्यांना मी —

नाही, असं म्हणालो मी.

जंताचं औषध घेऊन परत आलो. बायको रस्ताभर म्हणत होती, बरं झालं हो, शिसं नाही.

उद्या सांगतो. उद्या सकाळीच.

१५ जून
सांगितलं नाही.

काल मोठ्या साहेबांचं बोलावणं आलं. आज आणखी काहीतरी. कारणं मला बरोबर सापडतात.

भर दुपारी घरी आलो तर तो होता. मी पाहिला. बाहेर नाही, आतच, कट्ट्यावर, भिंगरीच्या जागी बसलेला. उन्हात. कामाच्या कपड्यांत. हाताच्या पाठीने सदरा झटकत होता, हळूहळू, चिमणीला दाणे टाकावेत तसा. भिंगरी खाली उभी. तोंड उघडं.

ओरडलो. पैलवान, मला दे, तिला नको. तुझ्या नळीत माझं रक्त होतं, तर हे शिसं माझं, मला दे. त्याने मान वर केली. राग नव्हता चेहऱ्यावर. डोळा मारला — तसाच, त्या दिवसासारखा — आणि हिरड्यांपाशी बोट नेलं. लोंबतं बोट.

आरशात पाहिलं. माझ्या हिरड्या. निळी रेघ.

मला कधीचंच देऊन झालंय त्याचं.

१६ जून
हात नीट धरवत नाही. उजवा. लेखणी दोनदा पडली. डाव्याने आधार देऊन लिहितोय.

बायकोला सांगायला बसलो. नळ्या, असं म्हणालो. पुढचे शब्द — जिभेवर गोड गोड — पुढचे शब्द सापडेनात. ती म्हणाली, तुम्हाला ताप आहे, पडा. भिंगरी कोपऱ्यातून बघत होती. तिला कळलं. शब्द कसे जातात ते तिला माहीत आहे.

उद्या — नाही, उद्या नाही. आज. गाडी मागवली —

१७ जून
इस्पितळ. बाकावर. झटके आले तिला, गाडीतच. डोकं माझ्या मांडीवर. तसंच.

आत नेलंय. बाईंनी जाता जाता विचारलं. आधीचं रक्त? मी उठलो. सांगितलं. सगळं सांगितलं. बरं वाटलं, किती बरं —

बायको म्हणते, काय सांगितलंत? तुम्ही तर स्वच्छ होतं एवढंच म्हणालात.

मी?

मी सांगितलं. मी ऐकलं माझ्या कानांनी. ती म्हणते, नाही. रडते आहे. असं काय बघताय, म्हणते. तिला वही दाखवू, वाच म्हणू — हात पुढे होत नाही. पंजा खाली. शेजारी कोणीतरी बसलंय. बाक करडं झालंय. बघणार नाही मी त्याच्याकडे.

आत भिंगरी ओरडतेय. शब्द नाही, नुसतं —

थांबलं.

दार उघडलं. बाई येतायत. आता विचारतील. आता सांगतो, मोठ्याने सांगतो, जीभ चावून सांगतो. बाई, ते रक्त —